सही करण्याआधी

मोठ्या इस्पितळाच्या आवारात कधीकधी ‘संशोधन केंद्र’ अशी वेगळी पाटी दिसते. नवी औषधं, नव्या लसी माणसांना देऊन तपासण्याचं काम तिथे चालतं. तिथून विचारणा झाली की आपण एक तर ‘आमच्यावर प्रयोग करता काय?’ म्हणून बिथरतो, नाहीतर डॉक्टर दाखवतील तिथे मुकाट्याने सही करतो. माझ्या मते दोन्ही चूकच.

पुण्याच्या के.ई.एम. रुग्णालय संशोधन केंद्राचंच पाहा. जुलाबाच्या रोटाव्हायरसवरची भारतीय लस २०११ पासून तपासली गेली, ती तिथे, दिल्लीला आणि वेल्लोरला. एकूण ६,७९९ तान्ही बाळं. सहाव्या, दहाव्या आणि चौदाव्या आठवड्याच्या सुमारास तोंडात थेंब द्यायचे. पण गंमत अशी, की दर तीन बाळांमागे दोघांना लस आणि तिसऱ्याला तसेच दिसणारे, पण लस नसलेले थेंब! कुणाला काय मिळालं, हे ना आईला ठाऊक, ना थेंब देणाऱ्या डॉक्टरांना. पहिल्या वर्षात रोटाव्हायरसमुळे होणाऱ्या गंभीर जुलाबाचं प्रमाण लसीमुळे ५६ टक्क्यांनी घटलेलं दिसलं, आणि २०१६ पासून ती सरकारी लसीकरणात आली. त्या आयांनी होकार दिला नसता, तर हे कळलं कसं असतं?

पण आपलं बाळ ते ‘तिसरं’ असू शकतं, हे होकार देण्याआधी कळायला हवं ना! म्हणून स्पष्ट विचारा : औषध नक्की मिळणार की नाही? नेहमीचा उपचार बंद होणार का? त्रास झाला तर रात्री-अपरात्री कुणाला गाठायचं? २०१९ च्या नियमांप्रमाणे चाचणीमुळे इजा झाली तर उपचार मोफत मिळतात, नुकसानभरपाईचीही तरतूद आहे. चाचणीला आधी नैतिकता समितीची मंजुरी लागते. त्या समितीत एक तरी बाई आणि एक तरी सामान्य नागरिक असावा लागतो, बरं का.

माहितीचा कागद आपल्याला कळेल अशा भाषेत हवा. इंग्रजी असला तर खुशाल मराठी मागा. ‘घरी विचारून उद्या सांगते’ म्हणायला संकोच कसला? नकार दिलात किंवा मधेच सोडलंत, तरी नेहमीचे उपचार अडवता येत नाहीत.

आणि सही केलीत, तर त्या कागदाची प्रत हातात घेतल्याशिवाय उठू नका. ती रेशनकार्डाच्या पिशवीत ठेवा, आणि तिच्यावरचा डॉक्टरांचा फोन नंबर घरातल्या सगळ्यांना दाखवून ठेवा.