हजेरीपटावरची चार नावं

‘टीम आउटिंग’ हे दोन शब्द मेलच्या सब्जेक्टमध्ये दिसले, की माझ्या पोटात गोळा येतो. आतापर्यंतचा अनुभवच तसा आहे. एकदा रिसॉर्टमधला रेन डान्स (भर थंडीत), एकदा ‘ट्रस्ट फॉल’ नावाचा प्रकार (ज्यात आमच्या ऑडिटवाल्याला कुणीच धरलं नाही), आणि एकदा नुसतंच जेवण, ज्यात पनीर संपलं म्हणून दोन डिपार्टमेंट्स आठवडाभर एकमेकांशी बोलत नव्हती. त्यामुळे आमच्या एचआरवालीने ‘या वेळी काहीतरी हटके’ असं लिहिलं, तेव्हा मी मनातल्या मनात तापाची तयारी सुरू केली होती.

पण हटके खरंच हटके निघालं. शनिवारी, गाइडसकट, दिवसभराची नौदल स्मारकांची सहल. भिवंडीहून निघायचं, संध्याकाळी भिवंडीत परत.

‘वॉर मेमोरियल? त्यासाठी दिल्लीला जातात ना?’ अकाउंट्सवाल्याने विचारलंच. आमच्यापैकी कुणालाच वेगळं माहीत नव्हतं. आम्ही गोडाऊनवाली माणसं. भिवंडी म्हटलं की लोकांना यंत्रमाग, कंटेनर आणि माणकोलीचा ट्रॅफिक आठवतो. समुद्र? तो शिपिंगच्या कागदांवर असतो.

खरं आश्चर्य म्हणजे यादीत डिस्पॅचच्या चाचांचं नाव होतं. चाचा कधीच कुठल्या आउटिंगला येत नाहीत. रिटायरमेंटला आता दोनच महिने राहिलेत. एचआरवालीने त्यांना कार्यक्रम वाचून दाखवला, तेव्हा त्यांनी एकच प्रश्न विचारला म्हणे : ‘मस्जिद बंदरला जाणार? तिथं नावं असतात ना?’

सकाळी सात वाजता आमची शिफ्टची बस चक्क उलट्या दिशेला, कल्याणकडे निघाली. गाइड मॅडमना कल्याण स्टेशनवरून घ्यायचं होतं, हे एक कारण. दुसरं कारण त्यांनी दुर्गाडी पुलापाशी बस थांबवून सांगितलं. पुलाच्या या टोकाला भिवंडी तालुक्यातलं कोनगाव, त्या टोकाला कल्याण, मध्ये उल्हास खाडी. २४ ऑक्टोबर १६५७ रोजी शिवाजी महाराजांनी कल्याण-भिवंडी घेतली आणि याच खाडीच्या काठावर मराठी आरमाराला सुरुवात झाली. महाराजांची जहाजं भिवंडी, कल्याण आणि पनवेलला बांधली जात होती, याची दखल १६५९ मध्ये पोर्तुगीजांनी कागदोपत्री घेतली आहे. आम्ही सगळे खिडकीतून त्या गढूळ पाण्याकडे नव्याने बघायला लागलो. रोज इथून जाताना मी फक्त नाक दाबते!

नौदलातून निवृत्त झालेली टी-८० ही वेगवान हल्लानौका २०२४ मध्ये याच दुर्गाडीला आणली, आरमाराची आठवण म्हणून. इस्रायली बनावटीची, उथळ पाण्यात सुसाट धावणारी, १९९८ मध्ये नौदलात दाखल झालेली बोट. फोटो काढून झाले, वडापाव खाऊन झाले, आणि बस रांजनोली नाक्याच्या ट्रॅफिकमध्ये अडकली. इथपर्यंत ही नेहमीचीच पिकनिक होती.

चाचा माझ्या शेजारी बसले होते. ठाणं सोडल्यावर ते हळूच बोलायला लागले. त्यांच्या आईचे वडील, म्हणजे त्यांचे नाना, रत्नागिरी जिल्ह्यातले. बोटीवर खलाशी होते. दुसऱ्या महायुद्धात मुंबईहून बोट धरली आणि परत आले नाहीत. अम्मी तेव्हा पाळण्यात होती. आज ती ८३ वर्षांची आहे. कंपनीकडून एक कागद आला होता, त्यात बोटीचं नाव होतं, तारीख होती. नानीने तो पेटीत जपला. पेटी लग्नानंतर अम्मीबरोबर भिवंडीला आली. २६ जुलै २००५ च्या पुरात घरात पाणी शिरलं आणि पेटीतल्या कागदांचा लगदा झाला.

‘आता अम्मीला तारीख आठवत नाही,’ चाचा म्हणाले. ‘फातिहा कुठल्या दिवशी द्यायचा, एवढंच तिला पाहिजे. रमजान आला की दर साली विचारते.’

मी काही बोलले नाही. काय बोलणार?

ईस्टर्न फ्रीवेवर चढल्यावर मॅडमनी माइक घेतला. डावीकडे दारूखाना. विक्रांत तिथेच मोडली, २०१४ मध्ये. बसमध्ये एकदम ‘हाऽऽ’ झालं, कारण आमच्या वयाच्या निम्म्या जनतेने शाळेच्या सहलीत विक्रांत पाहिली आहे. ती २०१२ पर्यंत मुंबईत म्युझियम म्हणून उभी होती. मला त्या डेकवरचा वारा आणि बाईंनी रांग मोडली म्हणून मारलेली हाक, दोन्ही लख्ख आठवतं. १९७१ च्या युद्धात तिच्या विमानांनी कॉक्स बाजार आणि चितगाववर हल्ले केले, हे मात्र मला त्या दिवशी कळलं. शाळेत असताना माझं लक्ष डब्याकडे होतं.

पुढे गोदीच्या भिंती सुरू झाल्या, आणि मॅडमनी आम्हाला १४ एप्रिल १९४४ ची दुपार सांगितली. ‘फोर्ट स्टिकिन’ नावाचं मालवाहू जहाज व्हिक्टोरिया गोदीत उभं होतं. पोटात सुमारे १,४०० टन स्फोटकं. शिवाय सोन्याच्या १२४ लगडी. शिवाय कराचीत भरलेल्या कापसाच्या हजारो गाठी, वंगणाची पिंपं, लाकूड...

‘एकत्र?’ मागून आमचा सेफ्टीवाला ओरडला. ‘कापूस, तेल आणि स्फोटकं एकाच बोटीत?’

बसमधला एकूण एक माणूस हादरला. बाकीच्यांना ही गोष्ट सोन्यासाठी आठवते. आमच्याकडे फटाक्याचा एक बॉक्स कापडाच्या रॅकजवळ सापडला तर ऑडिटर रडवतो. दाबलेल्या गाठीत आग शिरली की ती आतल्या आत धुमसत राहते, वरून कितीही पाणी मारा, हे भिवंडीच्या माणसाला शिकवावं लागत नाही. दुपारी धूर दिसला. चार वाजून सहा मिनिटांनी पहिला स्फोट झाला, अर्ध्या तासाच्या आत दुसरा. सिमल्याच्या भूकंपमापकावर त्याची नोंद झाली. मृतांचा आकडा शेकड्यांमध्ये होता. त्यात आग विझवायला गेलेले ६६ जवान अग्निशमन दलाचे. त्यांचं स्मारक भायखळ्याला दलाच्या मुख्यालयात आहे. दर वर्षी १४ एप्रिलपासून आपण जो अग्निशमन सप्ताह पाळतो, तो यांच्यासाठी. आमच्या गोडाऊनमध्ये त्या आठवड्यात पोस्टर लागतं, ड्रिल होतं, समोसे मिळतात. कशासाठी, ते कुणी सांगितलं नव्हतं.

मग आलं मस्जिद बंदर. सुक्या मेव्याचा वास, हातगाड्या, ‘बाजू, बाजू!’ आणि त्या गर्दीत इंडियन सेलर्स होम. परवानगी आधीच काढलेली होती. पहिल्या महायुद्धात मेलेल्या दोन हजारांहून अधिक नाविकांचं स्मारक इथे आहे, आणि दुसऱ्या महायुद्धातल्या मृतांची नामावलीही. तिच्यात जवळपास साडेसहा हजार नावं आहेत. चारशेच्या वर तेव्हाच्या अविभाजित भारतीय नौदलातली, बाकी बहुतेक सगळी व्यापारी जहाजांवरची. तशीच दुसरी नामावली चितगावला आहे, कारण खलाशी जसे कोकणातले तसे सिल्हेट-नोआखालीचेही.

‘यांच्यापैकी कुणाचीच कबर नाही,’ मॅडम म्हणाल्या. ‘समुद्र हीच कबर.’

युद्ध सुरू झालं तेव्हा ब्रिटिश व्यापारी जहाजांवरच्या खलाशांपैकी साधारण चौथा हिस्सा आपल्याकडचा होता. सारंग, तांडेल, खलाशी, इंजिनाशी आगवाला, स्वयंपाकाला भंडारी. गोऱ्या खलाशापेक्षा पगार कितीतरी कमी. १९३९ मध्ये त्यांनी यावरून संपही केले होते. त्यांच्या हातात बंदूक नव्हती. ते माल पोहोचवत होते. (हे वाक्य ऐकताना आमच्या अख्ख्या टीमने माना खाली घातल्या. माल पोहोचवणं हे आमचंही काम आहे, फक्त आमच्यावर कुणी टॉर्पेडो मारत नाही.) आणि टॉर्पेडो काही दूरच्या अटलांटिकमध्येच लागत नव्हते. ‘तिलावा’ नावाची बोट २० नोव्हेंबर १९४२ ला मुंबईहून आफ्रिकेला निघाली आणि तिसऱ्या दिवशी जपानी पाणबुडीने बुडवली. ९५८ माणसांपैकी २८० गेली.

चाचांनी खिशातून चिठ्ठी काढली. नानांचं नाव, नानांच्या बापाचं नाव, गाव. मी फोन काढला, कारण ही नावं आता ऑनलाइनही शोधता येतात. एकीकडे ते रजिस्टर, एकीकडे फोन. दहा मिनिटांत नाव सापडलं.

चार वेळा.

एकाच नावाची चार माणसं. दोन खलाशी, एक तांडेल, एक भंडारी. एक १९४१ मधला, दोन १९४२ मधले, एक १९४३ मधला. चार वेगळ्या बोटी. दोघांच्या नावापुढे बापाचं नाव आहे, पण स्पेलिंग असं, की कसंही वाचावं. उरलेल्या दोघांपुढे काहीच नाही.

आता, माझं रोजचं काम हेच आहे. चलन एक सांगतं, माल दुसराच येतो, आणि मी बसून जुळवते. मी लगेच सुरू झाले. चाचा, नाना भंडारी होते का कधी? नाही? मग हा कट. निघाले तेव्हा पाऊस होता का? अम्मीचा जन्म कुठला महिना? १९४१ वाला पण जातो मग. राहिले दोन. चाचा, जरा आठवा ना, बोटीचं नाव ‘सिटी’वरून सुरू होत होतं का...

‘राहू दे, बेटा,’ चाचा म्हणाले.

‘अहो, दोनच राहिलेत. होईल.’

‘तसं नाही.’ ते त्या पानाकडे बघत होते. ‘एकाला घरी न्यायचं आणि तिघांना इथंच सोडायचं, ते बरं दिसत नाही. त्यांच्याकडचं कोण आलं असेल इथं?’

मग त्यांनी रुमाल डोक्यावर घेतला, हात पुढे धरले आणि ओठ हलवत राहिले. आमची अख्खी टीम, जी लिफ्टमध्येसुद्धा गप्प बसत नाही, भिंतीला टेकून उभी राहिली. मीही फोन खिशात टाकला. दोन उरले होते, एक होऊ शकला असता, आणि मला तो शोधायचा होता. आजही थोडासा शोधायचा आहे, हे कबूल करते.

त्यानंतरची सहल मी अर्धीच ऐकली. लायन गेटसमोर विक्रांतचं स्मारक आहे, तिच्याच धातूतून घडवलेलं, २०१६ मध्ये उभारलेलं. त्याच वर्षी बजाजने विक्रांतचं पोलाद वापरून ‘व्ही’ ही बाइक काढली होती. आमचा अकाउंट्सवाला रोज तीच दामटत ऑफिसला येतो. आपण रोज युद्धनौकेवरून येतो या कल्पनेने त्याची छाती दोन इंच फुगली. तिथेच मॅडमनी ‘खुकरी’चं सांगितलं. ९ डिसेंबर १९७१ ला दीवजवळ पाकिस्तानी पाणबुडीने बुडवलेली, कॅप्टन महेंद्रनाथ मुल्ला आणि १९० हून अधिक जणांना घेऊन गेलेली. तिचं स्मारक दीवला आहे. पुढच्या लाँग वीकेंडला तिकडे जाणार असाल, तर बीचवरून उठून तेवढं बघून या.

शेवट कुलाब्याला, १९४६ च्या नौसैनिकांच्या उठावाच्या स्मारकापाशी. १८ फेब्रुवारीला ‘तलवार’ या प्रशिक्षण केंद्रात निकृष्ट जेवण आणि वरिष्ठांच्या शिव्या यांवरून ठिणगी पडली. बघता बघता ७८ जहाजं आणि वीसेक हजार नौसैनिक त्यात उतरले. मुंबई रस्त्यावर आली. गोळीबारात दोनशेहून जास्त नागरिक मेले. पनीरवरून आठवडाभर अबोला धरणारे आम्ही तिथे जरा ओशाळलो.

तुम्हाला जायचं असेल तर तीन गोष्टी. सेलर्स होमची परवानगी आधी काढा. ओळखपत्र जवळ ठेवा आणि गोदीच्या फाटकापाशी विचारल्याशिवाय फोटो काढू नका. आणि घरात कुणी खलाशी होतं का, हे निघण्यापूर्वी आजीला विचारा. मी घरी येऊन विचारलं. आमच्याकडे कुणी नव्हतं. पण निदान विचारलं तरी.

सोमवारी सकाळी चाचा माझ्या टेबलापाशी आले. चारही नावांची प्रिंट पाहिजे, मोठ्या अक्षरात, अम्मीला चष्म्याशिवाय दिसेल अशी. मी काढून दिली. चार नावं, चार बोटी, चार तारखा, एकाखाली एक, आमच्या मस्टरवर असतात तशी.

‘मग तारीख कुठली ठरली?’ मी विचारलं.

‘अम्मीने सांगितलं, चारही,’ चाचा म्हणाले. ‘वर्षातून चारदा फातिहा. म्हणाली, इतकी वर्षं चुकली, आता जास्त झाली तर बिघडत नाही.’

त्यातली पहिली तारीख परवा झाली. चाचांच्या डब्यात शिरा होता, सगळ्या डिपार्टमेंटला पुरेल इतका.