नवे यंत्र, जुना खेळ

जुना गेम नव्या कन्सोलवर अधिक चांगला चालतो का, आणि चालत असेल तर त्यासाठी पुन्हा पैसे मोजावेत का, हा प्रश्न कला महाविद्यालयाच्या वार्षिकात विचारणे काहींना पोरकट वाटेल. ‘गेम’ हा शब्द कानावर पडला की आपल्याकडे दोनच प्रतिक्रिया उमटतात. प्राध्यापक मंडळींच्या कपाळावर आठ्या पडतात आणि विद्यार्थी मंडळी एकमेकांकडे पाहून हसतात. परंतु मित्रहो, हा प्रश्न वाटतो तितका पोरकट नाही. त्यात घरातल्या पन्नास हजार रुपयांचा व्यवहार आहे, आणि ‘कलाकृती म्हणजे नेमके काय’ हा आपल्या साहित्यशास्त्राच्या तासाला पुन्हा पुन्हा चघळला जाणारा प्रश्नही त्यात दडलेला आहे.

आधी व्यवहार पाहू. प्लेस्टेशन ५ भारतात २ फेब्रुवारी २०२१ रोजी आला तेव्हा त्याची किंमत ४९,९९० रुपये होती. सोलापुरातल्या बेताच्या घरात एवढे पैसे एका खेळण्यावर घालायचे म्हणजे वर्षभर घरात तोच विषय. बरे, एवढे करून चिरंजीव टीव्हीला यंत्र जोडतात आणि त्यावर लावतात काय, तर २०१८ सालचा ‘गॉड ऑफ वॉर’! वडिलांनी विचारले, “अरे, हा तर आधीच्या डब्यावरही चालत होता ना?” तर त्यात त्यांचे काय चुकले? आणि तरीही चिरंजीवांचे म्हणणे खरे आहे. खेळ तोच असला तरी तो आता पूर्वीसारखा चालत नाही. अधिक चांगला चालतो.

हे कसे, ते समजून घ्यायला सोलापूरकरांना फार लांब जायला नको. ज्या चादरीने आपल्या गावाचे नाव देशभर नेले, तिची नक्षी जकार्डवर निघते. जोसेफ मारी जकार या फ्रेंच माणसाने १८०४ च्या सुमारास सिद्ध केलेली ही युक्ती. पुठ्ठ्याच्या कार्डांना भोके पाडायची आणि ती एकाखाली एक ओवून त्यांची माळ मागावर चढवायची. एक कार्ड म्हणजे एक आडवा धागा. भोक असेल तिथला हूक वर उचलला जातो, नसेल तिथला खालीच राहतो. संगणकाचे पूर्वज शोधू जाता या मागापाशी येऊन पोहोचावे लागते, हे आता सर्वमान्य आहे. (आमच्यातल्या किती जणांनी पूर्व भागात जाऊन जकार्ड जवळून पाहिला आहे, हा प्रश्न मात्र न विचारलेला बरा.)

आता हीच कार्डांची माळ जुन्या मागावरून उतरवून जलद मागावर चढवली तर काय होईल? चादर लवकर निघेल, नक्षी तीच राहील. नव्या जकार्डला दुप्पट हूक असले तरी जुन्या कार्डांना त्यांचा पत्ताच नाही. अधिक बारीक नक्षी हवी असेल तर चौकटीच्या कागदावर ती नव्याने काढून कार्डे नव्याने ठोकावी लागतात. जुन्या गेमांतल्या एका मोठ्या वर्गाचे अगदी हेच आहे. २०१५ सालचा ‘ब्लडबोर्न’ घ्या. सेकंदाला ३० चित्रे, असे त्याच्या कर्त्यांनी आतच लिहून ठेवलेले. २०१६ साली प्लेस्टेशन ४ प्रो आला, २०२० साली प्लेस्टेशन ५ आला. यंत्राची ताकद कितीतरी पटींनी वाढली, पण ‘ब्लडबोर्न’ आपला ३० वरच. खेळ सुरू व्हायला लागणारा वेळ तेवढा घटला. कार्डेच तेवढी ठोकलेली, त्याला माग काय करणार?

परंतु इथे एक फरक आहे, आणि सारी गंमत त्या फरकात आहे. चादरीची नक्षी आधी ठरलेली असते. गेममधले चित्र त्या त्या क्षणी काढले जाते. खेळणाऱ्याने मान वळवली की यंत्राला नवे चित्र काढून द्यावे लागते. सेकंदाला ३० चित्रे म्हणजे एका चित्राला सेकंदाचा तिसावा भाग, सुमारे ३३ मिलिसेकंद. ६० चित्रे हवी असतील तर त्याच्या निम्मा अवधी. पडद्यावर माणसे वाढली, धूर झाला, स्फोट झाला की काम वाढते, अवधी मात्र वाढत नाही. मग यंत्राला धाप लागते. चित्र वेळेवर पुरे होत नाही, आधीचेच चित्र जरा वेळ तसेच राहते आणि खेळ अडखळतो. काही गेम अशा वेळी चित्राचा रेखीवपणा कमी करून वेळ निभावून नेतात. म्हणजे कर्त्याने जे लिहिले होते ते जुन्या यंत्राला पूर्ण झेपतच नव्हते! अशा गेमला दमदार यंत्र मिळाले की त्यात एक अक्षरही न बदलता तो सुधारतो. धाप लागलेला गवई आणि दमसासाचा गवई यांनी एकच चीज म्हणावी, तसे हे आहे.

कंपन्यांनाही हे ठाऊक असते. मार्च २०१७ मध्ये प्लेस्टेशन ४ प्रोला ‘बूस्ट मोड’ मिळाला तो याचसाठी, म्हणजे ज्या गेमांना कर्त्यांचा नवा हात लागलेला नाही तेही नव्या वेगाचा लाभ घेऊ शकतील. फेब्रुवारी २०२१ मध्ये मायक्रोसॉफ्टने एक्सबॉक्सवर त्याही पुढची मजल मारली. ‘फार क्राय ४’ सारख्या निवडक जुन्या गेमांची चित्रगती मूळ कर्त्यांना काम न लावता दुप्पट करून दाखवली. ‘गॉड ऑफ वॉर’ ला मात्र कर्त्यांनी त्याच महिन्यात मोफत सुधारणा दिली आणि ३० चा खेळ प्लेस्टेशन ५ वर ६० चा झाला. “हा सगळा दिखाऊपणा आहे,” असे म्हणणाऱ्या मित्रांना माझे एवढेच सांगणे आहे की, एकदा हातात घेऊन पाहा. बटण दाबणे आणि कुऱ्हाड उठणे यांतले अंतर कमी होते, ते डोळ्यांआधी बोटांना कळते.

आणखी एक लाभ आहे, त्याबद्दल कुणी फारसे लिहीत नाही. सगळ्यांच्या घरी कन्सोल नसतो. पुष्कळ मुले तासाच्या हिशेबाने पैसे देऊन गेम पार्लरमध्ये खेळतात. जुन्या यंत्रात तबकडी फिरते, पडद्यावर ‘थांबा’ अशा अर्थाचे चाक फिरते, आणि त्याबरोबर भिंतीवरचे घड्याळही फिरते. ते वाट पाहणेसुद्धा मुलाच्याच खिशातून जाते. प्लेस्टेशन ५ मध्ये फिरत्या तबकडीची जागा एसएसडीने घेतली आणि जुन्या गेमांची ही वाट कितीतरी कमी झाली. श्रीमंताच्या मुलाला ही सोय आहे. तासावर खेळणाऱ्याला हे रोख पैसे आहेत.

मग माझी तक्रार कशाबद्दल? यंत्र सुधारले याबद्दल नाही. सुधारलेल्या यंत्राच्या भरवशावर अर्धाकच्चा माल विकला जातो, याबद्दल आहे. डिसेंबर २०२० मध्ये ‘सायबरपंक २०७७’ आला. तो प्लेस्टेशन ४ साठी म्हणूनही विकला गेला आणि त्या यंत्रावर त्याची दशा अशी झाली की सोनीने आठवडाभरातच तो आपल्या दुकानातून काढून टाकला; जून २०२१ पर्यंत तो परत आला नाही. तोच गेम नव्या यंत्रांवर पुष्कळ बरा चालत होता. ज्यांच्याकडे जुने यंत्र होते त्यांनी पूर्ण पैसे मोजले होते. ज्याला नवे यंत्र परवडत नाही त्याच्याच माथी खराब नग मारायचा, हा न्याय कुठला? आपल्या बाजारात कुणी विसविशीत चादर देऊन “नव्या पलंगावर घाला म्हणजे चांगली दिसेल” असे सांगितले, तर गिऱ्हाईक काय करील ते मी लिहीत नाही.

दुसरी तक्रार पुनःपुन्हा विकण्याची. ‘ग्रँड थेफ्ट ऑटो ५’ २०१३ मध्ये प्लेस्टेशन ३ वर आला, २०१४ मध्ये ४ वर, २०२२ मध्ये ५ वर. एकच खेळ, तीन यंत्रे. येथे मी सरसकट कंपन्यांना दोष देणार नाही. नक्षी खरोखर नव्याने काढली, कार्डे नव्याने ठोकली, तर त्या कारागिराला मजुरी मिळालीच पाहिजे. पण सुधारणा केवळ यंत्राच्या दमाने झाली असेल, तर तिचे पैसे गिऱ्हाइकाने यंत्र घेतानाच दिलेले असतात. ही रेषा कुठे आहे ते विचारण्याचा हक्क आपल्याला आहे, आणि आपण तो बजावत नाही.

आता राहिला कलेचा प्रश्न. प्रत्येक वेळी अधिक वेग म्हणजे अधिक चांगले, असे समजणेही भाबडेपणाचे आहे. तोमोहिरो निशिकादो यांचा ‘स्पेस इन्व्हेडर्स’ (१९७८) पाहा. परग्रहवासी जसजसे मारले जातात तसतसे उरलेले जलद धावू लागतात आणि खेळणाऱ्याची छाती धडधडू लागते. हे योजून केलेले नव्हते. पडद्यावर चित्रे कमी झाली की यंत्राचे ओझे हलके होई आणि ते पळू लागे, इतकेच. निशिकादोंनी तो दोष तसाच ठेवला आणि तोच त्या खेळाचा प्राण ठरला. यंत्र इतके दमदार असते की ते कधी अडखळलेच नसते, तर ती धडधडही नसती. मूकपटांचेही तेच झाले. सेकंदाला साधारण सोळा ते वीस चित्रांच्या हिशेबाने घेतलेल्या त्या फिती पुढे बोलपटाच्या २४ च्या यंत्रावर फिरवल्या गेल्या, आणि गंभीर माणसे तुरुतुरु चालू लागली. त्या माणसांना आपण किती वर्षे उगाच हसलो!

उलट बाजूही आहे. नव्वदच्या दशकात आपल्याकडे घरोघरी ‘टीव्ही गेम’ आले, ज्यांच्या कॅसेटवर लाखभर गेमांचा दावा छापलेला असे आणि आत पाच-दहाच निघत. निन्टेन्डोच्या १९८३ च्या फॅमिकॉमच्या त्या नकला. मूळ गेम जपानी टीव्हीच्या सेकंदाला ६० च्या तालावर रचलेले, आपला टीव्ही पाल पद्धतीचा, ५० च्या तालावर चालणारा. पाल यंत्रावर असे गेम आणि त्यांचे संगीतही सहाला पाच या प्रमाणात संथ होई. आपल्या थोरल्या भावांना ‘मारिओ’ ची धून जशी आठवते तशी ती रचणाऱ्याने रचलेलीच नव्हती. आता कुणी ती मूळ वेगात ऐकवली तर ते म्हणतात, “छे, ही घाई झाली!” मग मूळ कोणते मानायचे? प्राध्यापक मंडळींनी पाठभेदांची चर्चा ज्ञानेश्वरीपुरतीच का ठेवावी, असे मला यावरून वाटते.

जाता जाता खरेदीबद्दल. नोव्हेंबर २०२४ मध्ये प्लेस्टेशन ५ प्रो निघाला. प्लेस्टेशन ४ चे साडेआठ हजारांहून अधिक गेम त्यावर सुधारू शकतात, असे सोनीने जाहीर केले होते. तो तेव्हा भारतात आला मात्र नाही, कारण त्यातले वायफाय ज्या ६ गिगाहर्ट्झच्या लहरींवर चालते त्यांना आपल्याकडे परवानगी नव्हती. त्यामुळे ज्यांनी आपला जुना कन्सोल विकून टाकायचे ठरवले होते त्यांना थांबावे लागले. त्या सक्तीच्या सवडीत एक काम करता येण्याजोगे होते, आणि ते पुढच्या प्रत्येक यंत्राच्या वेळीही करता येईल: आपल्या कपाटातले गेम काढून बसावे, आणि कोणता धाप लागून अडखळत होता व कोणता ३० वर बांधून घातलेला आहे, याच्या दोन याद्या कराव्यात. पहिली यादी लांब निघाली तर वडिलांशी बोलायला हरकत नाही.