समजावण्याआधी समजून घ्या

'उष्णता झाली,' असे रुग्ण म्हणतो. त्याला जळजळ सांगायची असते. डॉक्टर मात्र ताप मोजतात. आजार कशाने झाला, कशाने बरा होईल, याविषयी प्रत्येकाच्या मनात एक उलगडा असतो. अमेरिकी मनोविकारतज्ज्ञ आर्थर क्लाइनमन यांनी १९७०च्या दशकात त्याला 'स्पष्टीकरणाचे प्रारूप' मानले. 'आजार कशामुळे झाला असे वाटते? भीती कशाची वाटते?' हे रुग्णालाच विचारावे, असे त्यांनी सुचवले.

गडचिरोलीत डॉ. अभय व डॉ. राणी बंग यांनी आदिवासींचे म्हणणे ऐकून रुग्णालय उभारले. त्याला त्यांच्याच दंतेश्वरी देवीचे नाव दिले. दिल्लीत मुनिरका येथे १९७७ साली स्थापन झालेली राष्ट्रीय आरोग्य व कुटुंबकल्याण संस्था आरोग्यसेवेतील अधिकाऱ्यांना प्रशिक्षण देते. अशा प्रत्येक प्रशिक्षणाचा पहिला धडा ऐकण्याचा असावा, असे मला वाटते.

कामाच्या जागीही हेच घडते. हमाल हातमोजे घालत नाही, म्हणून मुकादम त्याला बेपर्वा ठरवतो. मोज्यांमुळे पकड सुटेल, ही त्याची भीती कोणी विचारतच नाही.

समोरच्याचे म्हणणे नेहमी बरोबर असतेच असे नाही. परंतु ते जाणून घेतल्यावाचून आपले म्हणणे त्याला पटत नाही.