विल्माचा हेल

मंडळी, या महिन्यात जरा लांब जाऊ या. शंभर वर्षं मागे आणि थेट हंगेरीत.

विल्मा बान्की हे नाव आपल्यापैकी फार जणांनी ऐकलेलं नसेल. मूळ आडनाव कोन्चिच. १९२० पासून पाचेक वर्षं ती हंगेरी, ऑस्ट्रिया आणि जर्मनीतल्या मूकपटांत कामं करत होती. १९२५ मध्ये हॉलिवूडचा निर्माता सॅम्युअल गोल्डविन बुडापेस्टला आला, तिला भेटला आणि करार करून अमेरिकेला घेऊन गेला. तिला इंग्रजी जेमतेमच येत होतं. तरी त्याच वर्षी तिचे दोन मोठे चित्रपट आले: रोनाल्ड कोलमनबरोबर ‘द डार्क एंजल’ आणि रुडॉल्फ व्हॅलेंटिनोबरोबर ‘दि ईगल’. पुढच्या वर्षी ‘द सन ऑफ द शेख’ आला. तो व्हॅलेंटिनोचा शेवटचा चित्रपट ठरला. अमेरिकेत पाऊल ठेवल्यापासून वर्षा-दीड वर्षात ही बाई पहिल्या रांगेत होती.

भाषा न येता हे जमलं कसं? असं सांगतात, की प्रेमप्रसंगांच्या शूटिंगला कोलमन इंग्रजीत बोलायचा आणि ही हंगेरियनमध्ये. ऐकणार कोण होतं? प्रेक्षकाला दिसायचे चेहरे, आणि मधूनमधून संवादांच्या पाट्या. चित्रपट दुसऱ्या देशात पाठवायचा तर पाट्या काढून त्या देशाच्या भाषेतल्या लावायच्या, की झालं. आम्ही अ‍ॅप दुसऱ्या भाषेत आणतो तेव्हा स्क्रीनवरचा मजकूर ठेवलेली फाइल तेवढी बदलतो, बाकी कोडला हात लावत नाही. अगदी तसंच.

जून १९२७ मध्ये विल्माचं अभिनेता रॉड ला रॉकशी लग्न झालं. लग्न इतकं थाटाचं, की सगळ्या हॉलिवूडमध्ये त्याची चर्चा होती. त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये ‘द जॅझ सिंगर’ झळकला आणि पडदा बोलू लागला. आता कलाकाराचा आवाज प्रेक्षकापर्यंत पोचणार होता, आणि आवाजाबरोबर त्याचा हेलही.

गोल्डविननं वाट काढायचा प्रयत्न केला. १९२९ च्या ‘धिस इज हेवन’मध्ये तिला हंगेरीहून न्यूयॉर्कला आलेल्या मुलीचीच भूमिका दिली. म्हणजे हेल असला तरी तो त्या पात्राचाच. चित्रपट थोडासाच बोलका होता, आणि तो चालला नाही. मग १९३० मध्ये ‘अ लेडी टू लव्ह’ आला. त्याची जर्मन आवृत्तीही वेगळी चित्रित झाली आणि दोन्हींत नायिका विल्माच होती. नुसत्या पाट्या बदलून भागत नव्हतं, आता अख्खा चित्रपट पुन्हा उभा करावा लागत होता. १९३२ मध्ये ती ‘डेर रेबेल’ या जर्मन चित्रपटात दिसली आणि तिथे तिचं पडद्यावरचं काम थांबलं.

आपल्याकडेही तेव्हा हेच चाललं होतं. १९३२ चा प्रभातचा ‘अयोध्येचा राजा’ मराठीत आणि हिंदीत असा दोनदा बनला, दोन्हींत दुर्गा खोटे. मूकपटांची राणी सुलोचना, म्हणजे रूबी मायर्स, हिला बोलपटांसाठी हिंदुस्थानी शिकावी लागली. ती शिकून ती परत आली.

विल्माबद्दल ‘हेलानं करिअर बुडवलं’ असं एका वाक्यात लिहून मोकळे होतात. मला ते अर्धंच खरं वाटतं. १९२६ ची विल्मा आणि १९३० ची विल्मा एकच. चेहरा तोच, मेहनत तीच. बदललं होतं यंत्र. शिवाय तिला भाषा येतच नव्हती असंही नाही: ती एकच भूमिका इंग्रजीत आणि जर्मनमध्ये करून दाखवत होती. फक्त त्या इंग्रजीतून तिचं गाव ऐकू येत होतं.

हे आपल्याला कळायला जड नाही. इंदूर, बडोदा, बेळगाव, हैदराबाद, आपल्या प्रत्येकाच्या मराठीतून आपलं गाव ऐकू येतं. पुण्याच्या लग्नात कोणी हसलं की आपली कॉलेजातली मुलं सरळ हिंदीवर किंवा इंग्रजीवर येतात. पुढे घरीही तेच बोलू लागतात. खरं नुकसान तिथे होतं. विल्माला निदान चित्रपटाच्या बाजारानं थांबवलं. आपल्याला तर कोणीच थांबवलेलं नाही. आत्याकडे फोनवर दहा मिनिटं आपल्या हेलात मराठी बोलायला कुठल्या निर्मात्याची परवानगी लागते?

विल्मा रडत बसली नाही. नवऱ्याबरोबर तिनं नाटकाचा दौरा केला आणि पुढची कित्येक वर्षं ती हौसेनं गोल्फ खेळली. १९६९ मध्ये रॉड गेला. विल्मा १९९१ च्या मार्चमध्ये गेली, आणि ती बातमी जगाला कळली पुढच्या वर्षी. ‘द डार्क एंजल’ची प्रत आज कुठेच उरलेली नाही. ‘दि ईगल’ मात्र आहे, इंटरनेटवर सहज मिळतो. एखाद्या रविवारी आजीला शेजारी बसवून बघा. भाषेची अडचण दोघांनाही येणार नाही, आणि गप्पा मात्र मराठीतच मारा!