प्रदत्त मतांचा हिशेब जाहीर करा

मा. मुख्य निवडणूक आयुक्त, भारत निवडणूक आयोग, आणि
मा. मुख्य निवडणूक अधिकारी, महाराष्ट्र राज्य यांस,



2024च्या लोकसभा निवडणुकीत मुंबई वायव्य मतदारसंघात अमोल कीर्तिकर 48 मतांनी पडले आणि रवींद्र वायकर निवडून आले. आपल्या नावावर आधीच कोणी तरी बटण दाबून गेले आहे असे केंद्रावर कळल्यावर खऱ्या मतदाराला जी कागदी मतपत्रिका देतात, ते प्रदत्त मत. कीर्तिकरांच्या याचिकेत अशा 333 मतांचा मुद्दा होता. ही मते बंद पाकिटात जातात आणि न्यायालयाचा आदेश नसेल तर मोजलीच जात नाहीत.

डिसेंबर 2024 मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने ही याचिका साक्षीपुराव्यापर्यंत जाण्याआधीच फेटाळली. अवैध मतांमुळे निकाल कसा बदलला, याचा कायद्याला हवा तसा तपशील तिच्यात नव्हता. न्यायालयाला दोष देण्यात अर्थ नाही; लोकप्रतिनिधित्व कायद्याचे कलम 100 तेच मागते. माझी तक्रार आपल्याकडे आहे. हा तपशील उमेदवाराने आणायचा कुठून?

त्याच डिसेंबरमध्ये निवडणूक नियमांतला नियम 93 बदलून केंद्रावरचे सीसीटीव्ही चित्रीकरण लोकांना पाहण्यासाठी बंद झाले. पुढे मे 2025 मध्ये आयोगाने ठरवले की 45 दिवसांत याचिका आली नाही तर चित्रीकरण नष्ट करायचे. याचिकेची मुदतही 45 दिवसांचीच. म्हणजे तोतया मतदार कोण हे पाहायचे तर आधी याचिका हवी आणि याचिका टिकायची तर ते आधीच माहीत हवे! मतदारांच्या खासगीपणाचे कारण आयोग देतो. ते खोटे नाही, पण उमेदवाराला अधिकाऱ्यासमोर बसवून चित्रीकरण दाखवायला त्याची आडकाठी कशी होते, हे मला कळलेले नाही.

हे पत्र पुण्यातून का? 17 एप्रिल 2014 रोजी, लोकसभेच्या मतदानादिवशी, यादीतून नाव गायब झालेले मतदार या शहराने रांगेतून परत जाताना पाहिले आहेत. उद्या पुण्यात असा 48 मतांचा निकाल लागला तर याचिका घेऊन मुंबईचे उच्च न्यायालय गाठावे लागेल. (त्याचे खंडपीठ पुण्यासाठी मागण्यात आमची हयात गेली, 2025 मध्ये सर्किट बेंच मिळाले ते कोल्हापूरला.) निवडणूक याचिका सहा महिन्यांत निकाली काढण्याचा प्रयत्न व्हावा असे कायदा म्हणतो. प्रत्यक्षात सभागृहाची मुदत संपत आली तरी याचिका चालूच असल्याची उदाहरणे कमी नाहीत.

प्रत्येक केंद्रावर किती प्रदत्त मतपत्रिका दिल्या, ही संख्या नमुना 17 सी मध्ये केंद्राध्यक्ष लिहितोच. नवे काही मोजायचे नाही. निकालाबरोबर ती केंद्रनिहाय जाहीर करा. विजयाचे अंतर एकूण प्रदत्त मतांपेक्षा कमी असेल, तिथे त्या केंद्रांचे चित्रीकरण हरलेल्या उमेदवाराला मुदतीच्या आत दाखवा. यासाठी नियमात जो बदल लागेल, तो पुढच्या सार्वत्रिक निवडणुकीआधी करा, ही विनंती.

आपला,
पुण्यातील एक मतदार