रोटर साफ करताना इंजिन बंद का होत नाही? दोन मिनिटांचा हिशेब

कडोली : वळीव पडून वाफसा आला की आपल्याकडे ट्रॅक्टरला उसंत नसते. कडोली, जाफरवाडी, देवगिरी, अगसगे भागात आधी बटाटा-रताळ्यासाठी रान करायचं, मग भाताची नट्टी. निपाणीकडे जा नाहीतर पलीकडे चंदगड-कागलात, चित्र तेच. बैल कमी झाले, रोटर वाढले.

रोटर, मळणी मशीन, फवारणीचा मोठा पंप ही सगळी अवजारं ट्रॅक्टरच्या मागच्या ज्या फिरत्या दांड्यावर चालतात, तो पीटीओ. त्याचा ठरलेला वेग मिनिटाला ५४० फेरे, म्हणजे सेकंदाला ९. अडीच इंच जाडीचा शाफ्ट धरला तर एका सेकंदात पावणेदोन मीटर कापड गुंडाळलं जातं. लुंगीचं टोक, पदर किंवा खांद्यावरचा टॉवेल अडकला, तर ‘बंद कर’ म्हणून ओरडेपर्यंत वेळ निघून गेलेली असते.

हे ड्रायव्हरला माहीत नसतं असं नाही. तरीही रोटरमध्ये गवत गुंतलं की इंजिन चालू ठेवूनच हात घातला जातो. कारण भाडं तासावर असतं. बांधावर मालक घड्याळ बघत उभा, पुढचा शेतकरी फोनवर. त्यात बॅटरी उतरलेली. एकदा बंद केलं तर धक्का मारायला माणसं शोधावी लागतात.

आता हिशेब करू. तासाला १,००० रुपये भाडं धरा. दिवसात पाच वेळा रोटर गुंतला आणि दरवेळी बंद-चालू करण्यात दोन मिनिटं गेली, तर १० मिनिटं होतात. म्हणजे १६७ रुपये. बॅटरी बदलायचा खर्च काही हजारांचा. हाताची किंमत कुठल्या वहीत मांडणार?

क्लचवर विसंबू नका

बऱ्याच ट्रॅक्टरना डबल क्लच असतो. अर्धा दाबला की ट्रॅक्टर थांबतो, पण पीटीओ फिरतच राहतो. पूर्ण दाबला की पीटीओही सुटतो. पाय उचलला की पुन्हा फिरायला लागतो. जुन्या सिंगल क्लचच्या ट्रॅक्टरवर तर क्लच दाबूनही फिरत्या अवजाराच्या जोराने गाडी पुढे सरकू शकते.

म्हणून क्रम पाळायचा. गाडी थांबवून गिअर न्यूट्रल, हँडब्रेक ओढलेला. रेस कमी. क्लच पूर्ण दाबून पीटीओचा लिव्हर बंद. मग अवजार जमिनीवर टेकवायचं, इंजिन बंद, किल्ली खिशात. सीटवर बसूनच मागे बघायचं; शाफ्ट पूर्ण थांबला की उतरायचं. रोटर उचलूनच साफ करायचा असेल तर खाली लाकडी ठोकळे द्यावेत, नुसत्या हायड्रोलिकवर भरवसा नको. आणि शाफ्ट कधीही ओलांडायचा नाही, वळसा घालून जायचं.

नव्या शाफ्टवर प्लॅस्टिकचं कव्हर येतं. क्रॉसला ग्रीस मारायला अडचण होते म्हणून ते काढून गोठ्यात टाकलं जातं. ते परत बसवा.

अपघात झाला तर?

इथे सीमाभागाचं दुखणं वेगळं. महाराष्ट्रात २०२३ पासून गोपीनाथ मुंडे योजनेत मृत्यूला २ लाख, एक हात किंवा पाय गेल्यास १ लाख अनुदान आहे. पण ते तिथल्या खातेदाराला आणि त्याच्या घरातल्या एका सदस्याला. कडोलीच्या शेतकऱ्याची जमीन कर्नाटकात, त्यामुळे तो त्यात बसत नाही. चंदगडचा भूमिहीन ड्रायव्हरही बसत नाही.

केंद्राचे कायदे मात्र दोन्हीकडे सारखेच लागू. कर्मचारी भरपाईच्या कायद्यात ट्रॅक्टरवर शेतकाम करणारा कामगार येतो. कामावर असताना इजा झाली तर भरपाईची जबाबदारी कामावर ठेवणाऱ्यावर येऊ शकते. मळणी मशीनसाठी १९८३ चा धोकादायक यंत्रांचा वेगळा कायदा आहे. ‘चालू ठेवूनच काढ’ म्हणणाऱ्या मालकाने एवढं ध्यानात ठेवावं.

दुसरी सोय प्रधानमंत्री सुरक्षा विमा योजनेची. वय १८ ते ७०, बँकेत खातं, वर्षाला २० रुपये. अपघाती मृत्यूला २ लाख, एक हात किंवा पाय निकामी झाल्यास १ लाख. सातबारा लागत नाही की राज्य बघत नाहीत. १ जूनला नवं वर्ष सुरू होतं, तेव्हा खात्यात पैसे आहेत का बघून घ्यावं.

रयत संपर्क केंद्रातून रोटरला सबसिडी मिळते. तो ताब्यात देताना कव्हर बसवलंय का बघावं आणि पीटीओ बंद कसा करायचा हे अर्धा तास मराठीत आणि कन्नडमध्ये करून दाखवावं, ही मागणी गावोगावच्या शेतकऱ्यांनी लावून धरायला हवी. त्याला वेगळा निधी लागत नाही. तोवर बांधावर उभ्या असलेल्यानेच म्हणावं, ‘आधी बंद कर, मग उतर.’