बाई, माहेरचं आडनाव काय?

लग्न झालं की आपलं आडनाव बदलतं. रेशनकार्ड, बँकेचं पासबुक, सगळीकडे अर्ज करत फिरावं लागतं, एवढाच काय तो आपल्याला ताप. पण मैत्रिणींनो, आडनाव बदललं आणि कॉलेजातली नोकरी मिळाली, असं कधी ऐकलंय?

नागपूरच्या कुमुद सोमकुवर. जन्म १९३८चा, महार समाजातला. शाळेत गोखले गुरुजींनी त्यांना मन लावून संस्कृत शिकवलं. पुढे त्याच विषयात त्या उत्तम गुणांनी एम.ए. झाल्या. कौतुक झालं. कौतुकाला काय, पैसे थोडेच पडतात! नोकरीसाठी मात्र दोन वर्षं खेटे घातले. दलित घरातली मुलगी संस्कृत शिकवणार, हेच लोकांच्या घशाखाली उतरेना. मग त्यांचं लग्न झालं, आंतरजातीय. सोमकुवरच्या पावडे झाल्या आणि काही महिन्यांतच सरकारी कॉलेजात नेमणूक! पदवी तीच, बाई तीच. नोकरीचं श्रेय आपलं नव्हे, पावडे या आडनावाचं, असं त्यांनी ‘अंतःस्फोट’ या १९८१ सालच्या पुस्तकात स्पष्टच लिहिलंय. २०२३ साली त्या गेल्या.

बरं, नोकरी लागली म्हणजे सुटलं, असंही नाही. डॉ. आंबेडकर १९१८ साली मुंबईच्या सिडनहॅम कॉलेजात अर्थशास्त्राचे प्राध्यापक झाले. अमेरिकेहून शिकून आलेले. विद्यार्थी खूश होते, पण प्राध्यापकांसाठी ठेवलेल्या भांड्यातलं पाणी त्यांनी घेण्याला काही सहकाऱ्यांनीच हरकत घेतली. शिकलेल्या माणसांनी!

जुन्या काळातल्या गोष्टी, म्हणाल. मग आपल्या दारातलंच बघू. कॉलेजात नवीन बाई बदलून येतात, खोली विचारायला आपल्याकडेच येतात. भाड्याआधी आपण विचारतो आडनाव. त्यावरून उलगडलं नाही तर “मूळ गाव कुठलं?” लग्न झालेल्या असतील तर “माहेरचं आडनाव?” तेवढ्यावरही भागलं नाही तर “घरात मटण-मासे चालतात का हो?” त्या बिचाऱ्या सगळं ओळखून असतात. हसून “कळवते” म्हणतात आणि गावाबाहेर दुप्पट भाड्याची जागा बघतात. मग रोज तासाभराची पायपीट, आणि वर स्टाफरूममध्ये बोलणी, की बाई उशिरा येतात.

जूनमध्ये नवीन बाई आल्या, तर कोणता विषय शिकवता, हे आधी विचारून बघा. आणि संस्कृत म्हणाल्या, तर चहा टाकून मुलांच्या शिकवणीचंही बोलून ठेवा. संस्कृतची शिकवणी हल्ली कुठे मिळते?